वाचकांचे प्रश्न : लातूरची छोटी गाडी

प्रश्न : कुर्डुवाडी–लातूर छोट्या गाडीत नेमकं ‘छोटं’ काय होतं? ती का गेली?

उत्तर : रुळांमधलं अंतर. अडीच फूट, म्हणजे 762 मिमी. मोठ्या गाडीचं 1676 मिमी. ब्रिटिश अभियंते एव्हरार्ड कॅलथ्रॉप यांची ही बार्शी लाइट रेल्वे 1897 साली बार्शीपर्यंत आली, 1911 मध्ये लातूरला. रूळ हलके, मीटरला जेमतेम 15 किलो. म्हणून एका आसावर, म्हणजे चाकांच्या एका जोडीवर, 5 टनांपेक्षा जास्त भार चालत नसे. इंजिनालाही तोच नियम, हे खरं डोकं!

खोट कुर्डुवाडीत होती. लातूरचं तुरीचं पोतं तिथं छोट्या डब्यातून उतरवून मोठ्या वाघिणीत चढवावं लागे. दुप्पट हमाली, वेळ गेला तो वेगळाच. म्हणून छोटे रूळ जाऊन मोठ्या मापाचे आले. या रुंदीकरणात मार्ग वळवला, तेव्हा कुठे धाराशिव शहराला रेल्वे मिळाली; तोवर येडशी स्टेशन गाठावं लागे.