हात हलवणाऱ्या माणसाचं काम काय?

प्रश्न : ताई, केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजचा क्वायर, म्हणजे चर्चमध्ये गाणारा गट, ऐकला, अंगावर काटाच आला. पण समोरचा हात हलवणारा माणूस नेमकं करतो काय? आणि तिकडे यात करिअर होतं कसं? माझी लेक छान गाते म्हणून विचारतेय.
— एक वाचक, नाशिक

उत्तर : अहो, त्या माणसाला कंडक्टर म्हणतात, आणि त्याच्या हातांचं काम सगळ्यात शेवटी, आधी सगळं कानांचं. किंग्जच्या चॅपलमध्ये, म्हणजे कॉलेजच्या प्रार्थनाघरात, आवाज खूप वेळ घुमतो, त्यात सोळा मुलं आणि चौदा तरुण गाणार, एकाचा 'आ' जरा जास्त पसरला किंवा शब्दाच्या शेवटचा 'स' कुणी आधीच सोडून दिला की लगेच कानाला टोचतं, म्हणून तालमीत तेच एक अक्षर पुन्हा पुन्हा घोटून घेतात.

या बाबतीत मला इंग्लंडचे कंडक्टर डेव्हिड विलकॉक्स फार मोठे वाटतात. १९२९ मध्ये, वयाच्या नवव्या वर्षी वेस्टमिन्स्टर ॲबेच्या क्वायरमध्ये, मग किंग्जला ऑर्गनची (चर्चमधलं पट्ट्यांचं मोठं वाद्य) स्कॉलरशिप, मध्येच महायुद्ध, नॉर्मंडीत लढून मिलिटरी क्रॉस हे शौर्यपदक मिळवलं, परत येऊन शिक्षण पूर्ण, मग सॉल्सबरी आणि वूस्टरच्या कॅथेड्रलला, म्हणजे बिशपच्या मोठ्या चर्चला, ऑर्गनिस्ट आणि १९५७ ते १९७४ किंग्जच्या क्वायरचे प्रमुख. लंडनचा बाख क्वायर तर त्यांनी ३८ वर्षं सांभाळला, आणि तिथे गाणारे सगळे हौशी लोक बरं का! संगीतकार बेंजामिन ब्रिटन यांच्या 'वॉर रिक्विम' या क्वायर आणि वाद्यवृंदाच्या रचनेचं १९६३ चं रेकॉर्डिंग ऐका, कंडक्ट स्वतः ब्रिटननी केलंय, पण त्यातला बाख क्वायर बसवून दिला होता विलकॉक्सनी. बसवणाऱ्याचं नाव कव्हरवर बारीक अक्षरात असतं, याचं मला खरंच वाईट वाटतं.

तुमच्या लेकीसाठी सांगते, तिकडचा रस्ता बहुतेक वेळा ऑर्गनच्या बाकावरूनच जातो, म्हणून गाण्यासोबत तिला पियानो आणि नोटेशन वाचणं आत्ताच शिकवा. मुलींना पूर्वी कॅथेड्रलच्या क्वायरमध्ये फारशी जागा नव्हती, १९९१ मध्ये सॉल्सबरीने मुलींचा क्वायर सुरू केला आणि मग इतर ठिकाणीही दारं उघडत गेली.

आणि हो, 'ओ कम ऑल यी फेथफुल' हे नाताळचं गाणं तिच्यासोबत बसून ऐका. 'सिंग, क्वायर्स ऑफ एंजल्स' या कडव्यात सगळे लोक नेहमीची चाल गातात आणि मुलांचे आवाज त्याच्या वरून वेगळीच चाल घेऊन निघतात, ती विलकॉक्सनीच लिहिलीय. तिला फक्त ती वरची चाल धरून गायला सांगा, खालची कानावर पडत असताना, आणि बघा किती वेळ टिकते.