किकऑफला सगळे पुतळ्यासारखे का उभे असतात?

अमेरिकन फुटबॉलमधला किकऑफ, म्हणजे बॉल समोरच्या टीमकडे मारून खेळ सुरू करायची किक. किकर एकटाच मागे, त्याचे दहा जण थेट समोरच्यांच्या हद्दीत, बॉल हवेत, आणि तरी कुणी हलत नाही. हे काय नाटक, असं तुम्ही विचारलंय. २०२४ मध्ये एनएफएलने, म्हणजे तिथल्या व्यावसायिक लीगने, हे सुरू केलं तेव्हा टीव्ही अडकला समजून मी रिमोट शोधायला लागलो होतो.

पूर्वी किकर स्वतःच्या हद्दीतून मारायचा आणि त्याच्यासोबत दहाही जण सुसाट सुटायचे. समोरून बॉल घेतलेला गडीही भरधाव. चाळीसेक यार्ड धावून आलेला माणूस त्याला भिडायचा. २००७ साली बफेलो टीमच्या केव्हिन एव्हरेटची मान अशाच टॅकलमध्ये मोडली. तो पुढे चालू लागला. २०१० मध्ये रटगर्सच्या कॉलेज टीममधल्या एरिक लग्रँडच्या नशिबी तेही नव्हतं. ती टक्कर मी टीव्हीवर पाहिली होती. तो पडला तो उठलाच नाही. हेल्मेटने कवटी वाचेल, मानेचं काय?

लीगने आधी पळवाट काढली: किक परतवूच नका, म्हणजे बॉल घेऊन पळूच नका. २०११ ला किकची जागा ३० वरून ३५ यार्डवर आणली (यार्ड त्या त्या टीमच्या गोल लाइनपासून मोजतात), म्हणजे बॉल सरळ एंड झोनमध्ये, गोल लाइनच्या मागच्या पट्ट्यात. २०१६ ला टचबॅकचा, म्हणजे एंड झोनमध्येच थांबलेल्या किकचा, बॉल २० ऐवजी २५ वर मिळू लागला; जितका पुढे, तितका फायदा. शेवटी फेब्रुवारी २०२४ च्या सुपर बोलमध्ये, म्हणजे लीगच्या फायनलमध्ये, १३ किकऑफ झाले आणि तेराही टचबॅक! लोक तेवढ्यात चहाला उठायचे.

आता किकरचे दहा जण समोरच्यांच्या ४० यार्डवर उभे असतात आणि अडवणारे बहुतेक ३५ यार्डच्या रेषेवर. मधे अंतर पाच यार्ड. बॉल जमिनीला किंवा परतवणाऱ्याच्या हाताला लागेपर्यंत दोन्हीकडचे जागेवरच. टक्कर होतेच, पण धावत येऊन नाही. सगळी मेख इथेच आहे.

खरी गंमत किकरच्या डोक्यात चालते. गोल लाइन ते २० यार्ड हा लँडिंग झोन. त्याच्या अलीकडे बॉल पडला तर समोरच्यांना ४० वर मिळतो. थेट एंड झोनमध्ये गेला तर पहिल्या वर्षी ३० वर मिळायचा, तेव्हा बरेच जण खुशाल तिकडेच मारायचे. २०२५ ला तो ३५ वर केला आणि ही चैन परवडेनाशी झाली. लँडिंग झोनमध्ये टप्पा पडून आत गेला आणि तिथेच थांबला तर मात्र २० वरच. म्हणून आता किकर खालून, वेडावाकडा डगमगता बॉल मारतात. टप्पा कुठे उडेल हे परतवणाऱ्याला कळत नाही, तो चाचपडतो, तोवर दहा जण येऊन थडकतात.

मी या नियमाच्या बाजूचा आहे. एकच गोष्ट खटकते, ती ऑनसाइड किकची, म्हणजे मुद्दाम आखूड मारून बॉल आपणच मिळवायच्या किकची. २०१० च्या सुपर बोलमध्ये सेंट्सनी दुसऱ्या हाफची सुरुवातच बेसावध कोल्ट्सना ऑनसाइड मारून केली, बॉल मिळवला आणि सामनाही फिरवला. नव्या नियमाने २०२४ आणि २०२५ ला ती फक्त पिछाडीवरच्या टीमला मारू दिली, आणि तीही रेफरींना आधी सांगून. म्हणजे चोराने दाराची बेल वाजवून आत यायचं!