जिन्यावरचा फोन

प्रिय मुली,

तुझा अभिनयाचा व्हिडिओ मिळाला. तीनदा पाहिला. चौथ्यांदा फोन पालथा ठेवून नुसता ऐकला आणि मग हे पत्र लिहायला घेतलं. व्हॉइस नोट पाठवली असती, पण ती तू दीडपट वेगानं ऐकतेस हे मला ठाऊक आहे.

तुझा प्रश्न एका ओळीचा. "ताई, जंग हो-यॉनला जमलं, तर मला का नाही जमणार?" सोबत हिरव्या ट्रॅकसूटमधला तिचा तो फोटो, छातीवर ०६७. जमेल की नाही ते मी सांगू शकत नाही, आणि जो कोणी छातीठोकपणे सांगतो त्याच्यापासून चार हात लांब राहा. पण तिला ते कसं जमलं, हे तू अर्धंच वाचलं आहेस असं वाटतं.

तुझ्या डोक्यातलं चित्र असं दिसतं: एक मॉडेल होती, तिनं ऑडिशन दिलं, जीवघेण्या खेळांची कोरियन मालिका 'स्क्विड गेम' मिळाली, जग जिंकलं. १७ सप्टेंबर २०२१ला मालिका आली. तेव्हा तिचे इन्स्टाग्रामवर चारेक लाख फॉलोअर्स होते, ते महिन्याभरात दोन कोटींच्या वर गेले. तुझ्या वयाला हाच आकडा लक्षात राहणार, त्यात नवल नाही. आता मागचं बघ. ती १९९४ची, सोलची. सोळाव्या वर्षापासून मॉडेलिंग. पाठीशी एजन्सी नसताना सोल फॅशन वीकमध्ये चालली. २०१३मध्ये 'कोरियाज नेक्स्ट टॉप मॉडेल'मध्ये उतरली आणि पहिली आली नाही. २०१६ला न्यूयॉर्क, तिथून पॅरिस, लुई व्हिताँ या फ्रेंच फॅशन कंपनीचा रॅम्प. तेव्हा तिचे लाल रंगवलेले केस ही तिची ओळख होती. मग परदेशातली कामं जरा ओसरली, हातात वेळ राहू लागला, आणि त्या रिकाम्या वेळात सिनेमे पाहता पाहता, वाचता वाचता अभिनयाची ओढ लागली असं तिनंच मुलाखतींत सांगितलं आहे. २०२०च्या जानेवारीत तिनं नटनट्यांचं काम पाहणाऱ्या एका एजन्सीशी करार केला. त्यानंतर न्यूयॉर्कला फॅशन वीकची धावपळ चालू असताना निरोप आला की एका मालिकेसाठी व्हिडिओ पाठव. तिनं पाठवला. दिग्दर्शक ह्वांग दोंग-ह्योक यांनी समोर बोलावलं, तेव्हा ती विमानात बसून सोलला गेली.

म्हणजे पहिली भूमिका मिळाली तेव्हा तिची कॅमेऱ्यासमोर दहाएक वर्षं झाली होती. तुझी अडीच. बरं, ती दहा वर्षं तिला अर्ध्या कामासाठीच उपयोगी पडली. उरलेलं अर्धं तिला पाटी कोरी करून शिकावं लागलं. मला बोलायचं आहे ते त्या उरलेल्या अर्ध्याबद्दल.

आधी जे तुझ्याकडे आहे ते. तुला उभं राहता येतं. हसू नकोस. आमच्याकडे तालमीला येणाऱ्या दहा मुलांतल्या आठांना नुसतं उभं राहता येत नाही. हात कुठे ठेवू, वजन कोणत्या पायावर टाकू, सगळा गोंधळ. तुला प्रकाश कुठून येतोय ते न बघता कळतं. जमिनीवरच्या खुणेवर तू मान न झुकवता जाऊन थांबतेस. लेन्सची भीती नाही. आणि चेहरा कोरा ठेवता येतो. ही शेवटची गोष्ट फार मोलाची आहे. 'स्क्विड गेम'मधली हो-यॉनची से-ब्योक आठव. ती मुलगी कोणाला काही दाखवत नाही. तिचा सगळा जीव तो चेहरा बंद ठेवण्यात आहे, आणि म्हणून तो जरासा जरी उघडला तरी आपल्या पोटात कालवतं. हे रॅम्पवरून आलेलं भांडवल आहे, ते टाकून देऊ नकोस. 'मॉडेलिंगचं सगळं विसर' असं सांगणारे शिक्षक तुला भेटतील. मान डोलव आणि विसरू नकोस.

आता तुझा व्हिडिओ. चौदाव्या सेकंदाला, 'मी परत येणार नाही' या वाक्याच्या ऐन मध्यावर, तू हनुवटी जराशी खाली घेऊन डावीकडे वळवलीस. तो तुझा चांगला कोन आहे, मला माहीत आहे, तुलाही माहीत आहे. पण उताऱ्यातल्या, घर सोडून निघालेल्या त्या बाईला तो माहीत नसणार. त्या एका सेकंदात ती गेली आणि तू आलीस. हे एक. दुसरं त्याहून मोठं. फोन पालथा ठेवून ऐकलं तेव्हा तिथे कोणीच नव्हतं. शब्द स्वच्छ, पाठांतर चोख, पण सगळं एका पट्टीत, जणू विमानतळावरची घोषणा. श्वास वाक्याच्या शेवटीच घेतलास, प्रत्येक वेळी. घाबरलेलं माणूस वाक्याच्या शेवटापर्यंत थांबतं का श्वासासाठी?

मॉडेलला आवाज कोणी मागतच नाही, त्यात तुझा दोष नाही. अडीच वर्षं लोकांनी तुझे खांदे पाहिले, चाल पाहिली; तुझ्या तोंडून कोणी 'पाणी आण' एवढंही वदवून घेतलं नाही. शरीर पदवीधर झालं आणि आवाज बालवाडीत राहिला. माझंही तेच झालं होतं. साड्यांच्या जाहिराती करून मी नाटकात शिरले, पहिला प्रयोग एका तालुक्याच्या गावी, पत्र्याचं थिएटर, आणि मध्यंतरात एक आजोबा विंगेपर्यंत चालत आले आणि म्हणाले, "बाई, साडी झकास आहे. बोलताय काय ते मात्र चौथ्या रांगेपर्यंत आलं नाही." त्या रात्री मी जेवले नाही. आज त्यांना शोधून नमस्कार करावासा वाटतो.

कोरियन लोकांकडे वाईट अभिनयाला एक झणझणीत शब्द आहे, 'बाल-यॉन्गी'. बाल म्हणजे तिकडे पाय. पायानं केलेला अभिनय! रॅम्पवरून किंवा गाण्याच्या बँडमधून थेट नायक-नायिका झालेल्यांवर तिथले प्रेक्षक हा शब्द दगडासारखा भिरकावतात. मॉडेलमधून आलेला नट ही तिथे नेहमीचीच वाट आहे: छा सुंग-वॉन, गांग दोंग-वॉन, किम वू-बिन, ली जोंग-सॉक हे सगळे आधी मॉडेल. म्हणूनच संशयही नेहमीचा. चेहरा तुम्हाला दारापर्यंत नेतो हे सगळ्यांना माहीत असतं, त्यामुळे दारात उभं राहिल्यावर पहिली नजर तुमच्या उणिवेवर जाते. आपल्याकडे कोणी एवढा नेमका शब्द काढलेला नाही. आपण 'दिसायला छान आहे हो' म्हणतो आणि पुढचं बोलत नाही. अर्थ तोच.

मग हो-यॉननं काय केलं? इथे मी भाषा शिकवणारी बाई म्हणून जरा रेंगाळणार आहे, कंटाळलीस तरी वाच.

से-ब्योक उत्तर कोरियातून पळून आलेली. सोलमध्ये उत्तरेकडचे हेल काढून बोललं की माणूस लगेच ओळखू येतो, आणि ओळखू येणं तिला परवडणारं नाही. म्हणून ती सगळ्यांशी सोलची कोरियन बोलते, तीही मोजकी. पण धाकट्या भावाला भेटायला बालगृहात जाते तेव्हा त्याच्याशी ती तिकडच्या बोलीत बोलते. सबटायटलमध्ये यातलं काही दिसत नाही. आपल्याला फक्त एवढंच जाणवतं की ही मुलगी इथे थोडी मऊ झाली. ती मऊ होते ते बोलीमुळे. सोलमध्ये वाढलेल्या हो-यॉनला ही बोली येत नव्हती. हाम्ग्याँग प्रांताची ती बोली ती तिकडून आलेल्या माणसांकडून शिकली, त्यांच्यावरचे माहितीपट पाहिले, मारामारी शिकली, आणि से-ब्योकच्या नावानं रोजनिशी लिहिली. म्हणजे आधी एक आवाज कमावला आणि मग तो आवाज दाबून दुसरा वर आणला. पहिल्याच कामात! लोक तिच्या चेहऱ्याबद्दल बोलतात, मी मात्र तिला मानते ती यासाठी.

आता तुला एक कबुली. गेल्या महिन्यात तालमीच्या वेळी तू जिन्यात आईशी फोनवर बोलत होतीस. मी वर येत होते. "गे आये, जेवलंय मी. तू गोळी घेतलंस?" एवढंच मी ऐकलं आणि तिथेच थांबले, कारण तो आवाज मी आधी ऐकलेलाच नव्हता. खालच्या पट्टीतला, थोडा घोगरा, शेवटी हलकासा उचललेला. त्यात काळजी होती, थोडी चिडचिड होती, तू त्या दिवशी जेवली नव्हतीस हेही होतं. मग फोन ठेवून वर आलीस आणि माझ्याशी त्या धुतल्या-इस्त्री केलेल्या मराठीत बोलायला लागलीस. तू मला एकदा सांगितलं होतंस की कॉलेजात मालवणीला हसायचे, म्हणून तू ती बंद केलीस. अगं, से-ब्योक आणखी काय करते? तुझ्याकडे तशी दुसरी बोली घरचीच आहे, आणि तू मात्र व्हिडिओत विमानतळाची घोषणा करतेस.

एक गृहपाठ. गोट्यांच्या खेळाचा तो सहावा भाग पुन्हा लाव. पायरीवर बसून से-ब्योक आणि तिची खेळातली जोडीदार, दोघी बोलतात तो प्रसंग. आधी आवाज बंद करून बघ, मग पडद्यावर टॉवेल टाकून ऐक. जोडीदार झालेली ली यू-मी २०१० सालच्या सिनेमापासून लहानमोठी कामं करत आलेली, आणि हो-यॉनची ही पहिलीच भूमिका. यू-मी बोलते जास्त, हो-यॉन ऐकते जास्त. आणि ऐकते म्हणजे खरंच ऐकते, आपल्या वाक्याची वाट बघत बसत नाही. त्या भागासाठी यू-मीला २०२२चं पाहुण्या कलाकाराचं एमी, म्हणजे अमेरिकेतलं टीव्हीचं मोठं पारितोषिक, मिळालं. हो-यॉनला त्याच वर्षी अमेरिकेतल्या नटांच्या संघटनेचा, सॅगचा पुरस्कार मिळाला. मला तरी वाटतं, त्या पायरीवर दोघींनी एकमेकींना उचलून धरलं आहे. एकटीनं रॅम्प चालण्याची सवय असलेल्या मुलीनं हे शिकणं सोपं नसतं. रॅम्पवर समोरून येणारी मुलगी म्हणजे फक्त धडकायचं नाही असं काहीतरी असतं.

वेळ किती लागेल असंही तू विचारलं आहेस. तिथलाच नट ब्यॉन वू-सॉक २०१०ला मॉडेल झाला, २०१६ला अभिनयात आला, आणि खरा गाजला २०२४ला, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी. मधली आठ वर्षं लहानमोठ्या भूमिका करत गेली. हो-यॉनचं उदाहरण भिंतीवर लाव, पण भाड्याचा हिशेब वू-सॉकच्या उदाहरणावर कर.

म्हणून मॉडेलिंग आत्ता सोडू नकोस. त्यातनं घरभाडं निघतं. मालिकेत चार दिवसांचं काम मिळालं तरी पैसे नव्वद दिवसांनी हातात पडतात, आणि ते नव्वद दिवस पोळी-भाजी उधार कोणी देत नाही. मुंबईत वर्सोव्याच्या आराम नगरात ऑडिशनला रांग लावून 'नॉट फिट' ऐकायचं तर पोट भरलेलं असावं. कोणी पोर्टफोलिओचे, वर्कशॉपचे पैसे मागून काम देतो म्हणाला तर पायऱ्या उतरून निघून ये. आणि करारावर सही करण्याआधी किती वर्षांचा आहे ते पान मला दाखव. कोरियात कलाकारांना तेरा-तेरा वर्षं बांधून ठेवायचे, शेवटी २००९मध्ये तिथल्या व्यापार आयोगानं नमुना करार काढून सात वर्षांची मर्यादा घातली. तुझ्यासाठी असा आयोग बसलेला नाही, मीच आहे.

आणि नाटक कर. सोलमध्ये देहांग्नो म्हणून भाग आहे, गल्लीगल्लीत छोटी नाट्यगृहं. तिथलं हाकजॉन नावाचं नाट्यगृह किम मिन-गी या गीतकारानं १९९१ला काढलं आणि ते २०२४च्या मार्चमध्ये बंद पडलं. सॉल क्यूंग-गू तिथे पोस्टरं चिकटवायला आला होता, त्याचा पुढे केवढा नट झाला. नट ह्वांग जुंग-मिन तिथलाच. नटी बे दू-ना तर आधी तुझ्यासारखी मॉडेल, पण आई रंगभूमीवरची नटी. तालमी बघतच ती वाढली असणार. पैसा नव्हता त्या जागांमध्ये. पण तिथे शेवटच्या रांगेतला माणूस खोकला की आपलं काय चुकलं ते त्याच क्षणी कळतं. कॅमेरा खोकत नाही.

माझ्या ओळखीत एक हौशी गट एकांकिका बसवतोय. त्यात मोलकरणीची भूमिका आहे, अकरा वाक्यं. तू म्हणशील, लुई व्हिताँ सोडा, मी निदान लग्झरी साड्यांच्या शोची शो-स्टॉपर आहे, आणि मोलकरीण? हो. अकरा वाक्यं. दिग्दर्शक तुझ्याहून चार वर्षांनी लहान आहे आणि तो तुला ओरडणार आहे. मेकअप नाही. प्रवासखर्च स्वतःचा.

गुरुवारी साडेसहाला ये. हील्स घालून येऊ नकोस, जिना अरुंद आहे. तो व्हिडिओतलाच उतारा पुन्हा करायचा आहे, पण मालवणीत. शब्द अडले तर आईला विचार. तिला सांग की ताईनं विचारलंय, आणि गोळ्यांचंही विचार.

तुझी,
ताई