आपल्याकडे दोरा कोण कापतं?

प्रिय चिऊ,

वटपौर्णिमेच्या सकाळी मी खिडकीतल्या कुंडीतल्या वडाला सूत गुंडाळत होते आणि तू पाठीला दप्तर लावून दारातच थांबलीस. "आई, ग्रीक लोकांच्या तीन देवी माणसाचा दोरा कापतात. मग आपल्याकडे कोण कापतं? आणि तू गुंडाळतेस तो दोरा बाबांचा आहे का?" शाळेची बस यायची वेळ झाली होती. संध्याकाळी सांगते म्हणाले, आणि संध्याकाळी सांगायला बसले तेव्हा कळलं, की हे दोन वाक्यांत मावणारं नाही. म्हणून हे पत्र. सावकाश वाच. जोडाक्षर अडलं तर मला हाक मार, मी स्वयंपाकघरातच आहे.

आधी त्या तिघींचं सांगते. क्लोथो सूत कातते, लॅकेसिस ते मापून ज्याचं त्याला देते, आणि ॲट्रोपोस तोडते. ॲट्रोपोस म्हणजे जिला मागे वळवता येत नाही ती. डोळ्याची बाहुली मोठी करायला ॲट्रोपिनचे थेंब घालतात ना, त्या औषधाचं नाव तिच्यावरूनच आलं. एका विषारी झाडाला तिचं नाव दिलं आणि झाडावरून ते औषधाला मिळालं. आपण महादेवाला धोतरा वाहतो, त्यातही तेच द्रव्य असतं.

तिघींना मिळून म्हणतात मोइराई, एकीला मोइरा. या शब्दाचा अर्थ मला फार आवडला. मोइरा म्हणजे वाटा, हिस्सा. आता आपला 'भाग्य' शब्द बघ, त्यात 'भाग' आहे. 'नशीब' अरबीतून आला, त्याचाही मूळ अर्थ हिस्साच. आणि आजी म्हणते ना, "माझ्या वाट्याला आलं ते मी केलं"? तीन भाषा, आणि तिन्हींत माणसांना हेच वाटलं, की आयुष्य कुणीतरी पंगतीत वाढतं तसं वाढलेलं असतं आणि आपल्या पानात आलेलं ते आपलं.

पण पंगतीवरून ग्रीक लोक सुतावर कसे गेले? यासाठी तुला ती तेलाची कुपी आठवावी लागेल. हिवाळ्यात आपण इथल्या, न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये गेलो होतो, तिथे तू जिच्यापुढे खूप वेळ थांबलीस ती. जेमतेम १७ सेंटिमीटर उंच, इसवी सनापूर्वी ५५० ते ५३० च्या सुमाराची, अथेन्सकडची. तिच्यावर गोल फिरत बायका कामं करताहेत. कुणी लोकर तोलतेय, कुणी कातते आहे, दोघी उभ्या मागावर विणताहेत. त्या काळी घरातला प्रत्येक कपडा असा बायकांच्या बोटांतून निघायचा. लोकर तोलायची, कातायची, पुरेसं झालं की तोडायचं. म्हणजे त्या तीन देवी जे करतात ते घराघरांत रोज चालायचं. बाळाला जन्म बाईच देते आणि त्याला गुंडाळायचं कापडही तीच करते, मग त्याच्या आयुष्याचं सूतही कुणा बाईच्याच हातात असणार, असं त्यांना वाटलं यात मला नवल वाटत नाही.

तुझ्या आजीला हे तुझ्याआधी कळेल, कारण ती शाळेत टकळी फिरवायला शिकली आहे. तिच्या लहानपणी आपल्याकडे पुष्कळ शाळांत सूतकताईचा तास असायचा. डाव्या हातात कापसाचा पेळू, उजव्या हाताने टकळीला गिरकी द्यायची आणि पेळू हलकेच वर ओढत न्यायचा. गिरकी कमी पडली तर सूत पोकळ राहतं, जास्त झाली तर गाठाळतं, आणि हात जरा थरथरला की तुटतं. कुपीवरच्या बाईच्या हातात लोंबती चाती आहे ना, ती टकळीचीच बहीण. फरक लोकर आणि कापसाचा. हेरोडोटस नावाच्या ग्रीक इतिहासकाराने तर लिहून ठेवलंय, की भारतात रानातल्या झाडांना लोकर येते, मेंढीच्या लोकरीपेक्षा सुंदर, आणि तिथले लोक तिचे कपडे घालतात. तो आपल्या कापसाबद्दल सांगत होता!

आणि एक. ॲट्रोपोसच्या हातात चित्रांत दिसते ती कात्री फार नंतरची. होमर या जुन्या ग्रीक कवीच्या काव्यात दैव सूत कातते, पण तोडते असं कुठे नाही. त्याच्या 'इलियड'मध्ये ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर मारला जातो, त्याचं प्रेत शत्रूच्या ताब्यात असतं, आणि त्याची आई म्हणते, मी याला जन्म दिला तेव्हाच दैवाने याच्यासाठी हे सूत कातलं होतं. हे वाचताना मला कात्रीपेक्षा जास्त भीती वाटली. शेवट कुणी येऊन करत नाही, तो पहिल्या पिळापासून सुतात आहेच. पुढे प्लेटो या तत्त्वज्ञाने यात एक बदल केला. त्याच्या गोष्टीत जन्माआधी आत्मे आपलं पुढचं आयुष्य स्वतः निवडतात, आणि मग क्लोथो ते कातून पक्कं करते. निवड चुकली तर दोष निवडणाऱ्याचा, देवाचा नाही.

आता आपलं. आपल्याकडे नशीब कातत नाहीत, लिहितात. तू जन्मलीस त्याच्या सहाव्या रात्री, इथेच, क्वीन्समधल्या या घरात, आजीने पाटावर कोरा कागद आणि पेन ठेवलं होतं. रात्री सटवाई येते आणि बाळाच्या कपाळावर लिहून जाते. काय लिहिलं ते आईलासुद्धा दिसत नाही. सकाळी कागद कोराच होता, आणि मी तो घडी करून तुझ्या पहिल्या झबल्यात ठेवला. अजून आहे, दाखवीन.

ग्रीकांच्या देवीही अशाच बाळाकडे येतात. त्यांच्या गोष्टींतला मेलिअगर नावाचा वीर सात दिवसांचा असताना त्या आल्या आणि म्हणाल्या, चुलीतलं हे लाकूड जळून संपेल तेव्हा हा मरेल. त्याच्या आईने झडप घालून लाकूड विझवलं आणि पेटीत लपवलं. ग्रीसच्या खेड्यांत तर अगदी अलीकडेपर्यंत तिसऱ्या रात्री त्यांच्यासाठी मध, बदाम, पाव मांडून दार उघडं ठेवायचे. आणि लिहिलेलं पुसलं जात नाही, अशा अर्थाची म्हणही त्यांच्याकडे आहे. म्हणून सहाव्या रात्रीचा कोरा कागद आणि तिसऱ्या रात्रीचा मध मला शेजारी शेजारी दिसतात. पण सुतावरून स्वर्ग गाठायचा नाही. कुणी कुणाकडून घेतलं असं मी म्हणत नाही. बाळ पहिल्या आठवड्यात जगतं की नाही याची धास्ती सगळीकडे सारखीच होती, एवढं मला पुरतं.

तुझा खरा प्रश्न, कापतं कोण. आपल्या बोलण्यात आयुष्याची दोरी आहे. मोठ्या अपघातातून कुणी वाचलं की म्हणतात, "आयुष्याची दोरी बळकट!" पण ती कापणारी देवी मला आपल्या गोष्टींत भेटली नाही. आपल्याकडे यम येतो, आणि त्याच्याच हातात दोर असतो, पाश. महाभारतात सावित्रीच्या डोळ्यांदेखत तो सत्यवानाच्या शरीरातून अंगठ्याएवढा पुरुष पाशाने बांधून ओढून काढतो आणि दक्षिणेकडे चालू लागतो. ग्रीकांकडे दोरा तुटला की माणूस संपतो. आपल्याकडे दोर लागला की माणूस नेला जातो. आणि नेलेल्याच्या मागे जाता येतं! सावित्री गेली.

सत्यवान एका वर्षाने मरणार हे नारदाने लग्नाआधीच सांगितलं होतं. तिने दिवस मोजले. शेवटचे तीन दिवस उपास केला, आणि यमामागून चालताना ती बोलत राहिली. रडून नाही, नीट, विचार करून. यम एकेक वर देत गेला: सासऱ्यांचे डोळे, त्यांचं राज्य, वडिलांना शंभर मुलगे. चौथ्या वेळी तिने सत्यवानापासून स्वतःला शंभर मुलगे मागितले. यम हो म्हणाला, आणि मग नवरा परत दिल्याशिवाय त्याचा शब्द खरा होईना. तू फार बोलतेस म्हणून आजी तुझ्या तोंडाला टकळी म्हणते ना? सावित्रीची टकळी अशी चालली, की तिने नवऱ्याचं तुटलेलं सूत पुन्हा कातलं.

ग्रीकांकडेही अशी एक बायको आहे, अल्केस्टिस. तिच्या नवऱ्याचं मरण जवळ आलं तेव्हा अपोलो देवाने मोइराईंना दारू पाजून एक सवलत मिळवली: त्याच्याऐवजी दुसरं कुणी मरायला तयार झालं तर तो वाचेल. म्हातारे आईवडील नाही म्हणाले. ती हो म्हणाली. नंतर हेराक्लिस या बलाढ्य वीराने मृत्यूशी झुंजून तिला परत आणलं. युरिपिडीस या ग्रीक नाटककाराने यावर नाटक लिहिलं, ते इसवी सनापूर्वी ४३८ मध्ये अथेन्सला झालं. त्याच्या शेवटी ती नवऱ्यासमोर उभी आहे आणि एक अक्षर बोलत नाही, तीन दिवस बोलायची परवानगीच नाही. दोघींचं नवऱ्यावर प्रेम होतं. पण मला विचारशील तर मी तुला सावित्री सांगेन, सातदा सांगेन. स्वतःचा जीव देणं हीच बाईच्या प्रेमाची परीक्षा, असं तुला कधी कुणी शिकवू नये.

आता माझ्या हातातल्या दोऱ्याचं. तो बाबांच्या आयुष्याचा दोरा नाही. तो गुंडाळला म्हणून बाबा जास्त जगतील असं मी मानत नाही, आणि हे तुझ्याशी खरं बोलायला हवं. आजी वाईला दर ज्येष्ठ पौर्णिमेला वडाभोवती सात फेरे घालायची. एका वर्षीही चुकली नाही. तरी आजोबा गेले, तू दोन वर्षांची असताना. त्यानंतर तिने सूत हातात घेतलं नाही. कारण नवरा गेलेल्या बाईने वड पुजायचा नसतो, असं लोक मानतात, आणि आजीही तेच मानून घरात बसली. मला हे कधीच पटलं नाही. जिने पन्नास वर्षं कुणाची तरी काळजी केली, तिचा दोऱ्यावरचा हक्क त्या माणसाबरोबर कसा संपतो? या वर्षीचं सूत म्हणूनच मी तिच्याकडून मागवलं. पार्सलमधली ती पांढरी गुंडी तिने स्वतःच्या हाताने गुंडाळलेली होती.

तू बघ, आपल्याकडे दोरा कापायला नसतो, बांधायला असतो. मंगळसूत्रातलं सूत्र म्हणजे सूतच. लग्नात नवरानवरीभोवती सूत गुंडाळतात. अनंताच्या दोऱ्याला चौदा गाठी. बारशाच्या दिवशी तुझ्या कमरेला काळा करगोटा होता. सटवाईने काय लिहिलं ते कळत नाही, म्हणून माणसं आपल्या हाताने काहीतरी बांधत राहतात. मी वडाला सूत गुंडाळते तेव्हा एवढंच म्हणते, की या माणसाची काळजी माझ्याकडे आहे. तेच म्हणायला बाबांनाही काही हरकत नाही. पुढच्या वर्षी एक टोक ते धरणार आहेत, मी विचारलं आहे.

ग्रीकही बांधतात बरं का. तुझ्या वर्गातल्या ग्रीक मैत्रिणीच्या मनगटावर मार्चमध्ये लाल-पांढरा दोरा होता, तो तिच्या आजीने १ मार्चला बांधला असणार. महिनाभर घालतात आणि मग झाडाला बांधून टाकतात. आणि मिनोटॉर या बैलाच्या डोक्याच्या राक्षसाच्या भुलभुलैयातून थिसिअस नावाचा वीर बाहेर आला तो राजकन्या अरियाडनीने दिलेल्या सुताच्या गुंड्यामुळे. इंग्रजीतला 'क्लू' म्हणजे मुळात तोच सुताचा गुंडा. आणि मराठी पेपरात चोरी झाली की काय छापतात? "पोलिसांना धागेदोरे मिळाले."

वडाचं सूत मी अजून काढलेलं नाही. आणि टकळी मिळाली आहे, पेळूही आलेत, पण गिरकी मला जमत नाही. रविवारी सकाळी आजीला व्हिडिओ कॉल लाव आणि फोन जरा खाली धर, म्हणजे तिला तुझे हात दिसतील.

तुझी,
आई