झोई नावाचा अर्थ काय? बारशाला आजीला काय सांगू?

ताई, आधी अभिनंदन, आत्या झालात! तुम्ही लिहिलंय की दादा-वहिनी डब्लिनला असतात, मुलीचं नाव झोई ठरवलंय, बारसं नाशिकला आहे आणि कानात नाव तुम्हालाच सांगायचंय, पण आजी म्हणते की हे कसलं परकं मॉडर्न नाव, ह्याला काही अर्थ तरी आहे का, आणि नेटवर शोधलं तर "लाइफ" एवढाच एक शब्द आणि खाली लकी नंबर. मी जरा सविस्तर लिहिते कारण माझ्या मावसबहिणीच्या मुलीचं नाव पण झोईच आहे, मेलबर्नला असते, तेव्हा आमच्याकडे पण हाच प्रश्न निघाला होता आणि मी कॉलेजला संस्कृत घेतलेलं म्हणून सगळ्यांनी माझ्याकडेच बघितलं.

आजींना पहिली गोष्ट ही सांगा की झोई म्हणजे जीव. नुसता अर्थ सारखा आहे असं नाही म्हणत मी, दोन्ही शब्दांचं मूळच एक आहे. संस्कृत, ग्रीक, लॅटिन, फारसी ह्या सगळ्या भाषा एकाच जुन्या भाषेतून फुटल्या, त्या भाषेत जगणे ह्या अर्थाचा एक धातू होता, त्याच्या सुरुवातीला ग आणि व मिसळल्यासारखा आवाज होता. तो आपल्याकडे ज झाला, जीव, जीवन, जिवंत, सजीव हे सगळे त्यातले, लॅटिनमध्ये त्याचा व झाला (व्हिटॅमिनमधला व्हिटा तोच), फारसीतून आपल्याकडे जिंदगी आली ती पण तिथलीच, आणि ग्रीकमध्ये झाली झोई. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा खरंच अंगावर काटा आला होता. आजही ग्रीसमध्ये लाडाने "झोई मू" म्हणतात, म्हणजे माझं जीवन, अगदी आपली आई "माझ्या जिवा" म्हणते तसं.

ग्रीकमध्ये आयुष्याला दोन शब्द होते, बायोस आणि झोई, आणि दोन्ही ह्याच धातूचे. बायोस म्हणजे माणूस जे आयुष्य जगतो ते, शिक्षण, काम, घरदार, आपण लग्नाचा बायोडेटा बनवतो ना त्यातला बायो. आणि झोई म्हणजे जिवंतपणा, झाडात, पाखरात, बाळात जो असतो तो. झूऑलॉजी त्यातूनच आलंय आणि राशीचक्राला झोडिअ‍ॅक म्हणतात तो शब्द पण, कारण मेष, वृषभ, सिंह, कर्क हे बहुतेक प्राणीच. नावासाठी बायोस न घेता झोई घेतलं हे मला फार योग्य वाटतं.

दुसरं, आजी म्हणतात ते मॉडर्न. इंग्लंड अमेरिकेत हे नाव खरंच उशिरा आलं, एकोणिसाव्या शतकात रुळायला लागलं आणि गेल्या तीसेक वर्षांत खूप वाढलं, म्हणून ते नवीन वाटतं. पण नाव दोन हजार वर्षांहून जुनं आहे. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात इजिप्तमधल्या अलेक्झांड्रिया शहरात ज्यू लोकांनी त्यांचा धर्मग्रंथ ग्रीकमध्ये आणायला घेतला, त्यात जिथे आदम आपल्या बायकोचं नाव हव्वा ठेवतो, कारण ती सगळ्या जिवंतांची आई, तिथे भाषांतर करणाऱ्यांनी हव्वा न लिहिता झोई लिहिलं, म्हणजे नावाचा अर्थच लिहिला. पुढे ख्रिश्चन लोकांमध्ये मुलींना हे नाव फार आवडलं, कारण बायबलच्या नव्या करारात शाश्वत जीवनासाठी हाच शब्द येतो, ह्या नावाच्या संत पण आहेत. हे आजींपासून लपवायची काही गरज नाही, शब्द त्याच्याही आधीचा आहे.

आता मला सगळ्यात आवडणारी झोई. कॉन्स्टँटिनोपल, म्हणजे आताचं इस्तंबूल, तिथली सम्राज्ञी. जन्म ९७८ च्या सुमारास, राजाची मुलगी, पण लग्न झालं १०२८ मध्ये, म्हणजे जवळजवळ पन्नाशीत! तिच्या नवऱ्याला गादी मिळाली ती तिच्यामुळेच. पुढे तिने एका तरुणाला दत्तक घेतलं, तो मायकेल पाचवा, आणि त्याने राज्य हातात आल्यावर १०४२ च्या एप्रिलमध्ये तिचेच केस कापून तिला बेटावरच्या मठात पाठवून दिलं. हे कळल्यावर शहर पेटलं, ज्या बायका कधी घराबाहेर पडत नव्हत्या त्या पण रस्त्यावर आल्या असं त्या काळच्या इतिहासकाराने, प्सेलॉसने लिहून ठेवलंय, लोकांनी तिला परत आणलं आणि मग झोई आणि तिची बहीण थिओडोरा दोघींनी मिळून साधारण दोन महिने राज्य केलं. तोच प्सेलॉस सांगतो की तिला सुगंधी द्रव्यं बनवायचा नाद होता, भर उन्हाळ्यात खोलीत शेगड्या पेटवून तिचं अत्तराचं काम चालायचं. इस्तंबूलच्या आया सोफिया ह्या जुन्या वास्तूत वरच्या सज्जात तिचं मोझेक आजही आहे, मध्ये येशू, एका बाजूला ती, दुसऱ्या बाजूला तिसरा नवरा, आणि त्या चित्रातले चेहरे नंतर बदललेले दिसतात.

रशियात गेल्यावर हेच नाव झोया झालं. झोया कोस्मोदेम्यान्स्काया ही दुसऱ्या महायुद्धात जर्मनांविरुद्ध लढणारी अठरा वर्षांची मुलगी, १९४१ च्या नोव्हेंबरमध्ये जर्मन सैन्याने तिला मॉस्कोजवळच्या पेत्रिश्चेवो गावात फाशी दिली. छळ करून विचारलं तरी तिने खरं नाव सांगितलं नाही, तान्या म्हणून सांगितलं.

उच्चाराचं बोलायचं तर मराठी माणसाला हे नाव इंग्रजांपेक्षा सोपं आहे. इंग्रजीत झेड ओ ई एवढंच लिहिलं की नवखा माणूस "झो" वाचतो, म्हणून काहीजण शेवटच्या ई वर दोन टिंबं देतात, काही पुढे वाय लावतात. आपल्याला ती भानगडच नाही, झोका मधला झो आणि पुढे ई, झालं. आमची मावशी सुरुवातीला पाळण्यापाशी जुई जुई म्हणायची, मुलीनेही कधी तक्रार केली नाही, तुमच्या आजी म्हणाल्या तर म्हणू द्या.

आणि पत्रिका छापणार असाल तर नावाआधी चि. नक्की लिहा. चिरंजीव मधला जीव आणि पुढची झोई शेजारी शेजारी येतील, ते आजींना बोट ठेवून दाखवा.