भरलेल्या ताटातले उणे

नागपूर

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

दुपारनंतर डोळ्यांवर झापड येते आणि जेवूनही तासाभरात पुन्हा काहीतरी खावेसे वाटते, असे तू लिहिलेस. सोबत आठवडाभराच्या खाण्याची यादीही जोडलीस, हे फार बरे केलेस. त्या यादीत खाणे कमी नाही. मात्र चहा-बिस्किटे, पोळी-बटाटा, समोसा आणि पातळ वरणाशी भात यांचीच आलटूनपालटून हजेरी आहे. थकवा असाच राहिला तर आधी हिमोग्लोबिन तपासून घे.

तुझ्या ताटात उणी आहे ती पोषणघनता, म्हणजे पदार्थाच्या प्रत्येक कॅलरीसोबत प्रथिने, जीवनसत्त्वे, खनिजे आणि तंतू किती येतात याचे माप. तुझ्या सकाळचाच हिशेब घे. मैद्याच्या चार-पाच बिस्किटांतून साधारण 100 कॅलरी मिळतात आणि प्रथिने जेमतेम दीड ग्रॅम. तेवढ्याच कॅलरीचे मूठभर फुटाणे खाल्लेस तर प्रथिने पाच-सहा ग्रॅम मिळतात, शिवाय तंतू असल्यामुळे भूकही लवकर परतत नाही.

तर्री पोहे सोडायला मी सांगणार नाही. तर्रीवर तरंगणारे तेल थोडे बाजूला सारून तळाचे चणे जास्त मागून घे, कारण चमचाभर तेलातच 45 कॅलरी असतात. वर लिंबू अवश्य पीळ; त्यातल्या क जीवनसत्त्वामुळे पोहे-चण्यांतले लोह शरीरात अधिक शोषले जाते. लगेच चहा घेतलास तर नेमके उलटे घडते, म्हणून तासभर थांब. संत्रेही सोलून, फोडीवरच्या पातळ सालीसकट खा. ग्लासभर रसात तीन-चार संत्र्यांची साखर दोन घोटांत पोटात जाते आणि तंतू मात्र गाळणीत राहतात.

हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने 2024 मध्ये दिलेल्या मार्गदर्शक सूचनांनुसार दिवसाच्या ऊर्जेत धान्यांचा वाटा 45 टक्क्यांपेक्षा जास्त नसावा. तुझ्या यादीत तो बराच जास्त दिसतो, आणि मला खरी काळजी त्याचीच वाटते. मेसचे ताट तुला बदलता येणार नाही, पण त्यात भर घालता येईल. रात्री मूग भिजत घाल, सकाळी ओल्या फडक्यात बांधून ठेव, दुसऱ्या दिवशी मोड येतात. उन्हाळ्यात आपल्याकडे फडके लवकर वाळते, तेव्हा ते मधूनमधून ओले कर आणि आंबूस वास आला तर मूग टाकून दे. एरवी ते वाफवून त्यात कांदा, सांबार (कोथिंबीर) आणि लिंबू घातले की शेगडीचे काम पाच मिनिटांचे. गोकुळपेठच्या बाजारातून पेरू, गाजर, पालक आणत जा.

मात्र हा हिशेब आंधळेपणाने लावू नकोस. शेंगदाणे, तीळ, जवस यांत कॅलरी पुष्कळ असल्या तरी प्रथिने आणि उपयुक्त मेदही भरपूर असतात. उलट नुसत्या पालेभाजीवर तुझ्या वयाच्या मुलाची ऊर्जेची गरज भागत नाही. कॅलरी कमी ती वस्तू चांगली, असे मानून जेवण तोडणारी मुले मी पाहिली आहेत, आणि त्यांचे हाल पाहवत नाहीत.

रविवारी घरी ये. जवसाची चटणी कुटून ठेवली आहे. येताना रिकामी बरणी आण, आणि या आठवड्याची यादीही.

तुझा शुभचिंतक