सत्र न्यायालयाने निर्दोष सोडलेल्याला उच्च न्यायालय शिक्षा देऊ शकतं का?

अपिलात हो, रिव्हिजनमध्ये (खालच्या निकालात गंभीर चूक झालीय का, एवढंच वरचं न्यायालय पाहतं ती फेरतपासणी) नाही. गोंधळ इथेच होतो. रिव्हिजनमध्ये (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ४०१, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ४४२) सुटलेल्याला थेट दोषी ठरवताच येत नाही. फार तर निकाल रद्द करून फेरसुनावणीला पाठवतात. तेही क्वचित. समजा, जखमांचा वैद्यकीय अहवाल फाइलमध्ये आहे आणि निकालपत्रात त्याचा उल्लेखच नाही, तर. ‘साक्षीदारावर विश्वास ठेवायला हवा होता’ एवढ्यावर भागत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या १९६२ च्या चिन्नास्वामी रेड्डी निकालापासून हेच चालत आलंय.

अपिलात पुरावा नव्याने तपासता येतो, पण दोन निष्कर्ष शक्य असतील तर सुटका कायम राहते. तुम्ही पीडित असाल तर २००९ च्या अखेरीपासून अपील स्वतःच करता येतं. मग रिव्हिजन कशाला? वकिलांना आधी हेच विचारा.